पाणबुड्याचा दुसरा जन्म

पाणबुड्या मेला तो भर दुपारी, लख्ख उन्हात, ओळखीच्या माणसांनी भरलेल्या तराफ्याच्या बरोबर खाली. आपल्याला कोण मारतंय हे मरताना त्याला कळलं होतं, आणि बहुधा त्यामुळेच तो धड मेला नाही.

धरणाच्या भिंतीला पाण्याखाली तडे जात, ते शोधायचे आणि बुजवायचे हे त्याचं काम. अंगात रबरी पोशाख, पायात शिशाचे बूट, डोक्यावर तांब्याचा टोप, टोपाला हवेची नळी, कमरेला दोर. नळीचं दुसरं टोक तराफ्यावरच्या पंपाला जोडलेलं असे, आणि पंपाचं लोखंडी चाक त्याची बायको फिरवायची. हे काय बाईमाणसाचं काम आहे का, असं पहिल्यापहिल्यांदा पुष्कळांचं नाक मुरडून झालं. पण तिच्या हातची हवा एका लयीत यायची, ना कमी ना जास्त. "खाली मला अगदी घरात असल्यासारखं वाटतं," पाणबुड्या सगळ्यांदेखत सांगायचा, "ही घोरते ना, तश्शीच हवा येते." मग ती टोपाचे स्क्रू आवळता आवळता त्यावर पाना आपटायची. आत बसलेल्याच्या कानठळ्या बसायच्या.

दोर धरायचा तिचा धाकटा भाऊ. दारातून आत येताना वाकावं लागेल एवढा वाढला तरी सगळे त्याला छोटूच म्हणत. दोराचा एक झटका म्हणजे ठीक आहे, दोन म्हणजे दोर सोड, तीन म्हणजे वर ओढ. पाणबुड्याला एक खोड होती. झटका दिला की मागोमाग तो दोर बोटाने हलकेच थरथरवायचा. "भाऊजी, झटका द्या, गुदगुल्या नका करू," छोटू ओरडायचा आणि तराफाभर हसू पिकायचं.

त्या दिवशी सकाळच्या बुडीत पाणबुड्याने भिंतीचा एक जुना तडा तपासला. मागच्या उन्हाळ्यात पाणी उतरलं तेव्हा तो छोटूनेच माणसं आणि माल लावून बुजवून घेतलेला. वरचा पापुद्रा हाताने निघाला आणि आतून वाळूची पोती, चिंध्या बाहेर आल्या.

वर आल्यावर चहाचा कप हातात घेऊन तो मेहुण्याला बाजूला नेऊन म्हणाला, "छोटू, आत सिमेंट नाहीच. नुसत्या चिंध्या कोंबल्यात. भिंत फुटली तर खालचं अख्खं गाव झोपेत वाहून जाईल."

"हळू बोला ना भाऊजी."

"हळू कशाला? संध्याकाळी साहेबांना सांगणार आहे मी. तुझी बाजू घ्यायची वेळ आली तर घेईन, घरचाच आहेस. पण झाकून ठेवणार नाही."

छोटूने दोराची गुंडाळी नीट केली. मग एकदम हसून म्हणाला, "बरं. पण सांगायच्या आधी एकदा नीट बघून तरी या. तुमची खात्री झाली की मी स्वतः येतो साहेबांकडे."

पाणबुड्याला मेहुण्याचा अभिमान वाटला. पोरगं निदान चूक कबूल करतंय, असं मनाशी म्हणत त्याने पुन्हा टोप चढवला.

तळाशी पोचला आणि हवा थांबली. एकदम, नळावर बोट दाबावं तशी. त्याने तीन झटके दिले. दोर हलला नाही. पुन्हा तीन दिले. वरून उत्तर आलं ते एका झटक्याचं. ठीक आहे.

छातीचा भाता फुटायला आला तेव्हा त्याला उलगडलं. पंप बंद पडला असता, नळी फाटली असती, तर वर धावपळ झाली असती, दोर ताणला गेला असता. कुणीतरी पंपाच्या तोंडाशी असलेली हवेची झडप शांतपणे फिरवून बंद केली होती आणि दुसऱ्या हाताने दोर धरून ठीक आहे म्हणत होतं. त्याने मान वर करून तराफ्याची काळी सावली पाहिली आणि डूख धरला. तसाच, डोळे उघडे ठेवून, तो संपला.

जाग आली तेव्हा तो बोटाएवढा होता.

भोवती ओल्या गिलाव्यासारखा मऊ चिकट अंधार होता आणि तो नखांनी फाडता येत होता. नखं होती, हे त्याच्या तेव्हाच लक्षात आलं. बाहेर पडला तर तळातल्या गाळात शेकडो अंडी फुटत होती आणि त्यांतून निघालेली पांढुरकी, शेपटीवाली, माणसासारख्या पंजांची पिल्लं एकमेकांना खात होती. वरून एक प्रचंड आंधळं धूड सरकत गेलं. त्याच्या पोटाला अजून काही अंडी चिकटलेली होती. ही आपली आई, हा विचार त्याला आला आणि भीतीपेक्षा हसूच जास्त आलं. पण या नव्या तोंडाला हसता येत नव्हतं. ते नुसतंच उघडलं आणि आत आलेलं पाणी कल्ल्यांतून बाहेर पडलं.

श्वास! चहूकडे श्वासच श्वास होता. आता हवेसाठी कुणाच्या हाताकडे बघायला नको होतं.

पहिल्यापहिल्यांदा तो कुणाला खात नव्हता. दगडाच्या फटीत लपून बसायचा, शेवाळ चघळायचा आणि आपण माणूस आहोत असं स्वतःला बजावायचा. मग एक भावंड त्याच फटीत शिरलं आणि त्याची शेपूट तोडून घेऊन गेलं. त्या वेदनेत त्याला तो एक झटका आठवला. ठीक आहे. त्याच्या अंगात असं काही पेटलं की त्याने त्या भावंडाचा पाठलाग केला आणि त्याला डोक्यापासून खाल्लं. शेपूट पुन्हा उगवली, पहिलीपेक्षा जाड. त्यानंतर त्याने मागे पाहिलं नाही. मासे खाल्ले, खेकडे कवचासकट खाल्ले, भावंडं खाल्ली. घशाखाली उतरणारा प्रत्येक घास तो छोटूच्या नावाने उतरवत होता. म्हातारं धूड एक दिवस गाळात निपचित पडलं, तेव्हा त्या पाण्यात त्याच्याएवढं दुसरं काही उरलं नव्हतं.

बरीच वर्षं गेली असावीत, कारण तराफा बदलला होता. जुना लाकडी होता, हा पत्र्याचा. त्याच्या तळाला डोकं टेकवलं की वरचं बोलणं कवटीतून थेट आत उतरायचं. तो तासन्‌तास तसा चिकटून राहायचा. त्यातून त्याला कळलं की छोटू आता मुकादम आहे. भिंतीचं सगळं काम त्याच्या हाताखाली चालतं. नव्या पाणबुड्यांचा दोर मात्र तो अजून स्वतः धरतो, कारण भाऊजी डोळ्यांसमोर गमावलेला माणूस दुसऱ्याच्या जिवाला किती जपतो, याचं लोकांना भारी कौतुक. मुकादमाचे डोळे भरून येतात म्हणे ती गोष्ट सांगताना.

हे ऐकून त्याने तळातला एक खडक शेपटीने फोडला. पण खरं ऐकायचं पुढेच होतं.

दोन कामगार पाण्यात पाय सोडून बसले होते. एक जण म्हणाला, "ती विश्रामगृहात फरशी पुसते ना, वाकलेली? मुकादमाची बहीण. हिनेच नवऱ्याला मारलं."

"काय सांगतोस!"

"अरे, पंपावर ही होती. दमली, चाक फिरवणं जमेना. मुकादम ओरडतोय, ताई फिरव, ताई फिरव, आणि हिचे हात गळाठले. तेव्हापासून कुणाशी बोलत नाही. पाण्याकडे बघत नाही. मुकादम देवमाणूस, तरी घरात ठेवून घेतलंय."

"लोक तर तिला हवाचोर म्हणतात," असं म्हणून सांगणारा खिंकाळला.

पाण्याखाली त्या जनावराच्या डोळ्यांपुढे अंधारी आली. त्याला वाटलं होतं, छोटूने एक खून केला. छोटूने तर दोन केले होते, आणि दुसरा रोज सकाळी उठून नव्याने करत होता. सख्ख्या बहिणीच्या हातांवर त्याने नवऱ्याचं मरण ठेवलं होतं आणि वर तिला घास घालून देवमाणूस म्हणवून घेत होता!

खिंकाळणाऱ्याचा पाय त्याने धरला आणि त्याला गळ्यापर्यंत पाण्यात ओढलं. मारला नाही. फक्त आपलं तोंड एकदा जवळून दाखवलं आणि बूट तेवढा काढून घेतला. तो माणूस त्यानंतर आठवडाभर त-त-प-प करत होता.

धरणात राक्षस आहे ही बातमी षट्कर्णी झाली. पण काम थांबवण्याची सोय नव्हती. चिंध्या कोंबलेला तो तडा आता ठिबकायला लागला होता, भिंतीच्या कोरड्या बाजूला ओल दिसू लागली होती. साहेब म्हणजे मोठे इंजिनिअर, रोज येऊन मुकादमाला फैलावर घेत होते. बाहेरगावाहून एक तरणा पाणबुड्या आणला. नव्या टोपात बोलायचीही सोय होती. आतला आवाज तारेतून वर जायचा आणि कर्ण्यातून तराफ्यावर सगळ्यांना ऐकू यायचा, वरचा खाली यायचा.

तरणा तळाशी उतरला. जनावर त्याच्या पाठीमागून आलं, त्याला धक्काही न लावता त्याचा दोर दोन बोटांत धरला आणि एक झटका दिला. मग दोर हलकेच थरथरवला.

वर काहीतरी धपकन पडलं.

जनावराने पुन्हा दिला. झटका, थरथर. झटका, थरथर.

"वर घ्या त्याला!" छोटूचा आवाज पत्र्यातून आला. "वर घ्या, वर घ्या!"

"मुकादम, मी कुठे झटके दिले?" वर आल्यावर तरणा विचारत होता. "मी तर बोलतच होतो की तारेतून. तुमचा चेहरा असा का झालाय?"

त्यानंतर जो कुणी उतरला त्याच्या दोराला तसेच झटके बसले. उतरणाऱ्याला काही होत नसे, दोर धरणारा मात्र दर खेपेला पांढराफटक पडत असे. माणसांना कुजबुजायला एवढं पुरे होतं. पाणबुडे पळाले. पंपावरची माणसं आजारी पडू लागली. शेवटी साहेबांनी मुकादमाला सगळ्यांसमोर सुनावलं, "आयुष्य पाण्यावर काढल्याच्या गप्पा मारता ना? मग स्वतः उतरा. उद्या भिंत गेली तर सगळ्यात आधी मी तुम्हालाच जबाबदार धरीन."

उतरण्यावाचून गत्यंतर नव्हतं. आणि मग छोटूने पंपावर कोण हवं ते सांगितलं.

"ताई हवी."

खाली डोकं टेकवून ऐकणाऱ्याचं सर्वांग ताठ झालं. ती हवाचोर, आणि हाच तिला बोलावतोय! मग त्याच्या लक्षात आलं. तिचे हात कधीच दमले नव्हते, हे जगात एकट्या छोटूलाच तर ठाऊक होतं.

ती आली ती दुसऱ्या दिवशी सकाळी. पत्र्यावर तिची पावलं त्याने ओळखली, जरी ती आता फरफटत होती.

"छोटू, नको रे. माझ्याच्याने व्हायचं नाही. पुन्हा तसंच झालं तर?"

"काही होत नाही ताई. तू फक्त फिरवत राहा. दुसऱ्या कुणावर माझा भरवसा नाही."

टोपाचे स्क्रू आवळले गेले. चाक फिरू लागलं. तीच लय, ना कमी ना जास्त. पाण्यातल्या त्या राक्षसाने डोळे मिटून क्षणभर ती ऐकली.

छोटू उतरला. शिशाचे बूट गाळात रुतले. हातातल्या दिव्याच्या उजेडात जनावर सावकाश समोर आलं, तोंड, मग पंजे, मग संपत नाही असं धड. टोपाच्या काचेआड छोटूची बोबडी वळली. त्याने दोराकडे हात नेला. जनावराने तो हात धरून बाजूला केला, मोडेल इतका घट्ट. दुसऱ्या पंजाने दोर धरला आणि एक झटका दिला. मग थरथर.

"भाऊजी," छोटू म्हणाला.

जनावराने टोपाला डोकं टेकवलं होतं, त्यामुळे त्याला छोटूचा श्वाससुद्धा ऐकू येत होता. त्याने हवेची नळी मुठीत घेतली आणि दाबली.

हवा थांबली. छोटू तडफडू लागला. थोडी सोडली, पुन्हा दाबली. थोडी सोडली, पुन्हा दाबली. इतकी वर्षं गाळात पडून त्याने याचीच स्वप्नं पाहिली होती. घाई करायची नाही, एवढंच त्याने ठरवलं होतं. काचेआडचे डोळे बाहेर येताना बघून त्याला जे वाटलं त्याला आनंदच म्हणावं लागेल.

आणि तेवढ्यात टोपाच्या आत तारेतून तिचा आवाज आला.

"छोटू, चाक जड झालंय."

जनावर थबकलं.

"तसंच जड झालंय रे," ती म्हणत होती, धापा न टाकता, अगदी स्पष्ट. "त्या दिवशीसारखं. पण मी दमलेली नाही. माझे हात ठीक आहेत. नळी कुठेतरी बंद झाली की असं होतं, होय ना? वर झडप तर उघडी आहे, मी आत्ताच बघितली." थोडं थांबून तिने विचारलं, "त्या दिवशी झडप कुणी बंद केली होती?"

जनावराने मूठ सैल केली. बोलण्यापुरती हवा आत गेली.

"ताई, वर घे! तो आहे इथे, भाऊजी आहेत, मला मारतायत—"

"झडप कुणी बंद केली?"

मूठ पुन्हा किंचित आवळली.

"मी! मी केली! त्यांनी चिंध्या बघितल्या होत्या ताई, ते साहेबांना सांगणार होते, मी काय करणार होतो? तुझा दोष नव्हता, तुझा काही दोष नव्हता, आता वर घे!"

कर्ण्यातून हे सगळं तराफ्यावर आणि पार काठापर्यंत गेलं. चाक मात्र थांबलं नव्हतं.

बरंच झालं, जनावराला वाटलं. आता राहिलं ते एवढंसंच. त्याने जबडा उघडला. टोप तांब्याचा होता, पण त्याचे दात त्याहून कठीण गोष्टींवर वाढले होते.

"खाली जो कुणी आहेस," टोपातून आवाज आला, आणि आता तो कापत होता, "तू असलास तर ऐक. याला सोड. दया म्हणून सांगत नाही मी. मला हा वर हवाय. जिवंत हवाय. इतकी वर्षं लोकांनी मला काय काय म्हटलं, आता खरं काय ते यांनी सगळ्यांनी याच्या तोंडून ऐकायचंय. तू एकदाच मेलास, मी रोज मरत होते. माझा हिशेब मला करू दे."

जबडा तसाच उघडा राहिला. त्याला तिचा राग आला, आयुष्यात पहिल्यांदा आला. हा सूड त्याचा होता. त्यासाठी तो अंड्यातून बाहेर आला होता, त्यासाठी त्याने नको ते खाल्लं होतं. छोटूची मान त्याच्या दातांपासून वीतभर होती आणि त्याला त्या मानेची भूक लागली होती, खरीखुरी, पोटातली.

पण ती एका लयीत हवा सोडत होती. भावाने तिचं काय केलं हे कळल्यावरही तिचा हात ढळला नव्हता. ती थांबली असती तर छोटू तसाही गेलाच असता. जिला सगळ्यात आधी थांबायचा हक्क होता ती चाक फिरवत होती, आणि आपण मात्र अधीर झालोय, याची त्याला लाज वाटली.

त्याने जबडा मिटला. मात्र छोटूला तसंच सोडलं नाही. झडप फिरवणारा तो उजवा हात त्याने अजून धरलेलाच होता. तो त्याने दोन्ही पंजांत घेतला आणि वाळकी काटकी मोडावी तसा मनगटात मोडला, पुन्हा कधी दोर धरता येणार नाही असा. मग दोराला तीन झटके दिले. वर ओढ.

वर काय झालं ते त्याने पत्र्याला डोकं टेकवून ऐकलं. माणसं छोटूचा टोप काढायला धावली तेव्हा ती म्हणाली, "थांबा. कुणी हात लावायचा नाही." चाक फिरतच होतं. "साहेब येऊ देत. काठावरच्यांना जवळ बोलवा. सगळे जमले की हा पुन्हा सांगेल, कर्ण्यातून, पहिल्यापासून. चिंध्यांपासून. तोवर मी हवा देते आहे ना? माझ्या हातांवर याचा भरवसा आहे."

छोटूने पुन्हा सांगितलं. मध्येच रडायला लागला तर ती म्हणायची, "पुढे." हवाचोर म्हणणारेही तिथेच उभे होते, खाली माना घालून. सगळं सांगून झाल्यावरच तिने चाक थांबवलं आणि स्वतःच्या हाताने स्क्रू काढले. टोपातून बाहेर आलेल्या भावाच्या तोंडाकडे तिने पाहिलंसुद्धा नाही. त्याला घेऊन गेले तेव्हा ती पंप पुसत होती.

भिंत नीट दुरुस्त करायची तर तलाव रिकामा करावा लागणार होता, आणि तळाला जे आहे त्याच्यासाठी बंदुका मागवल्या होत्या. हे सांगायला ती एका सकाळी एकटी काठावर आली. तिने हाक मारली नाही. गुडघे टेकून तळव्याने पाण्यावर थापट्या मारत राहिली.

तो वर आला. त्याला वाटलं होतं, फक्त डोळेच दाखवावेत. पण पाणी उथळ होतं आणि तो केवढा वाढलाय हे त्यालाही ठाऊक नव्हतं. तो दिसला मात्र, ती किंचाळून मागे पडली आणि खडकावर हात खरचटेपर्यंत सरकत गेली. ते भय त्याने पाहिलं आणि मान पाण्यात घातली.

ती सरपटत पुन्हा काठाशी आली. "घाबरले मी. माफ कर." मग, "उद्या दरवाजे उघडणार आहेत. पहिल्या लोंढ्याबरोबर निघून जा. थांबू नकोस." ती उठली, चार पावलं गेली आणि परत फिरून म्हणाली, "हात माझे चांगले होते. तुला ठाऊक होतं ना?"

त्याला बोलता येत नव्हतं. त्याने शेपूट एकदा पाण्यावर आपटली, ती नखशिखांत भिजेल इतक्या जोरात. ती तशीच निथळत उभी राहिली आणि मग हसली की रडली, ते पाण्याआडून त्याला दिसलं नाही.

दुसऱ्या दिवशी दरवाजे उघडले. तो लोंढ्यात शिरला, भिंतीवरून खाली आपटला, पाठीचे खवले सोलून निघाले आणि नदीने त्याला धरणापासून लांब वाहून नेलं. खाली पाणी गढूळ होतं, कोमट होतं, माशांनी भरलेलं होतं. तो दिवसा झाडांच्या मुळांत पडून राहायचा आणि खायचा. राग बराच उतरला होता, पण सगळा नाही. कुठेतरी एका कोठडीत छोटू अजून श्वास घेत होता, सकाळ-दुपार-संध्याकाळ, फुकट, कुणालाही न विचारता. ते त्याच्या घशाखाली कधीच उतरलं नाही.